थँक्सगिव्हिंगचं ब्रेड स्टफिंग: आधी पाव खडखडीत वाळवा

दर नोव्हेंबरात, थँक्सगिव्हिंगच्या (महिन्यातल्या चौथ्या गुरुवारी येणारा अमेरिकेतला सण) एक-दोन दिवस आधी, ओळखीच्या घरांतून मला हमखास फोन येतात. सणाला भाजायची टर्की, म्हणजे कोंबडीसारखाच पण मोठा पक्षी, फ्रिजमध्ये वितळायला ठेवलेली असते, क्रॅनबेरीचा सॉस झालेला असतो, आणि घोडं अडलेलं असतं ते स्टफिंगवर. "मागच्या वर्षी अगदी लगदा झाला होता गं, काय चुकलं असेल?" प्रश्न बहुतेक हाच असतो आणि माझं उत्तरही ठरलेलं: ब्रेड वाळवला होतास का? शिळा नव्हे, वाळवलेला.

अमेरिकेत आले तेव्हा पहिल्या वर्षी मीही हीच चूक केली होती. दुकानातून मऊ लुसलुशीत ब्रेड आणला, तुकडे केले, रस्सा ओतला आणि भाजायला टाकला. तासाभराने जे बाहेर आलं ते वरून करपलेलं आणि आत कणकेच्या गोळ्यासारखं चिकट होतं. शेजारी एक आजी राहायच्या, जन्म न्यू इंग्लंडचा, म्हणजे अमेरिकेच्या ईशान्य टोकाचा, उभं आयुष्य दर वर्षी स्टफिंग केलेलं. त्यांनी एक घास खाल्ला आणि पुढच्या वर्षी मंगळवारीच मला आपल्या स्वयंपाकघरात बोलावलं. टेबलावर, फ्रिजवर, खिडकीच्या कट्ट्यावर, जिथे जागा मिळेल तिथे ब्रेडच्या तुकड्यांचे ट्रे मांडले होते. मला एकदम आमच्या गच्चीवरचं कुरडयांचं वाळवण आठवलं. त्या दिवसापासून स्टफिंग मला नीट जमू लागलं.

ज्यांनी हा पदार्थ खाल्लेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. स्टफिंग म्हणजे सारण. वाळलेल्या ब्रेडचे तुकडे, लोण्यात परतलेला कांदा आणि सेलरी, सेज नावाचा सुगंधी पाला, आणि हे सगळं भिजवायला ब्रॉथ, म्हणजे टर्कीचा किंवा भाज्यांचा पातळ रस्सा. हे टर्कीच्या पोटात भरून भाजायची जुनी रीत आहे, म्हणून नाव स्टफिंग. दक्षिणेकडच्या राज्यांत याला ड्रेसिंग म्हणतात आणि ते मक्याच्या ब्रेडचं करतात. पेनसिल्व्हेनियातल्या जर्मन वंशाच्या घरांत याचंच नाव फिलिंग, आणि त्यात कुस्करलेला बटाटाही पडतो. नावं काहीही असोत, मूळ एकच: उरलेला पाव वाया जाऊ द्यायचा नाही. फोडणीची पोळी करणाऱ्या घरात वाढलेल्या माणसाला हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही.

काय काय लागेल

हे प्रमाण आठ ते दहा माणसांचं आहे आणि 9 बाय 13 इंचाच्या भांड्यात बरोबर मावतं.

पांढरा, घट्ट पोताचा ब्रेड 450 ग्रॅम (एक मोठी लादी)
बिनमिठाचं लोणी 115 ग्रॅम, म्हणजे इथली एक कांडी, आणि भांड्याला लावायला थोडं वेगळं
मध्यम कांदे 2, सेलरीचे देठ 4, पाल्यासकट
लसूण 2 पाकळ्या (नसला तरी चालेल)
ताजा सेज बारीक चिरून 2 मोठे चमचे, किंवा वाळलेला 2 छोटे चमचे
ताजा थाइम 1 मोठा चमचा, पार्सली बारीक चिरून अर्धा कप
अंडी 2
बिनमिठाचा किंवा कमी मिठाचा ब्रॉथ 3 कप
मीठ, ताजी कुटलेली मिरी

सेज, थाइम आणि रोझमेरी एकत्र घातलेली छोटी प्लॅस्टिकची डबी या दिवसांत सगळ्या दुकानांत असते. ती घेतली की तीन वेगवेगळ्या डब्या घ्याव्या लागत नाहीत. मात्र रोझमेरी जपून घाला. तिची पानं सुईसारखी ताठ असतात, बारीक चिरली नाहीत तर दातांत अडकतात, आणि जरा जास्त झाली की सेजला दाबून टाकतात. मी अर्ध्या काडीपलीकडे जात नाही.

ब्रेड कोणता घ्यावा

पोत बघून घ्या. मोठमोठी भोकं असलेला ब्रेड रस्सा धरून ठेवत नाही आणि अगदी हलका, कापसासारखा सँडविच ब्रेड भिजला की विरघळतो. मधला मार्ग म्हणजे बेकरीतला साधा पांढरा ब्रेड, इटालियन पद्धतीची लांबट लादी, किंवा ज्यू लोकांचा अंडं घातलेला, वेणीसारखा विणलेला हाला. हाला किंचित गोड असतो आणि त्याचं स्टफिंग फार मऊ, जवळजवळ पुडिंगसारखं होतं. आंबट सावरडोही छान लागतो. पण त्याची कडा फार चिवट असते, ती निम्मी तरी काढून टाका. बाकीच्या ब्रेडची कडा काढू नका. तिचा रंग आणि चव दोन्ही हवेत.

गव्हाचा किंवा बऱ्याच बियांचा ब्रेड मी वापरत नाही. तब्येतीच्या दृष्टीने तो कितीही चांगला असला तरी स्टफिंगमध्ये जड आणि किंचित कडवट लागतो. फारच वाटलं तर एक चतुर्थांश मिसळा.

वाळवण: सगळ्यात महत्त्वाची पायरी

शिळा ब्रेड आणि वाळलेला ब्रेड यांत फरक आहे, आणि तो समजला की निम्मं काम झालं. पिशवीत दोन दिवस राहिलेला ब्रेड कडक लागतो, पण त्यातलं पाणी कुठे गेलेलं नसतं. आतलं स्टार्च थंड होता होता पुन्हा घट्ट झालेलं असतं, एवढंच. म्हणून तर शिळा पाव तव्यावर गरम केला की पुन्हा मऊ होतो. अशा ब्रेडवर रस्सा ओतला तर तो आत जाणार कुठे? जागा आधीच पाण्याने भरलेली. मग रस्सा बाहेरच राहतो, बाहेरचा थर विरघळतो आणि लगदा होतो. आपल्याला ब्रेडमधलं ते बेचव पाणी घालवून त्याच्या जागी चवीचा रस्सा भरायचा आहे.

ब्रेडचे अर्ध्या ते पाऊण इंचाचे तुकडे करा. सुरीने अगदी सारखे चौकोन करण्यापेक्षा मी हाताने तोडते. ओबडधोबड कडा वर आल्या की खरपूस भाजल्या जातात. पण आकार साधारण एकसारखा ठेवा, नाहीतर लहान तुकड्यांचा चुरा होतो आणि मोठे आत कोरडे राहतात. आकाराचं महत्त्व कारखानदारांनाही कळलेलं होतं. 1972 साली जनरल फूड्सने स्टोव्ह टॉप नावाचं पाकिटातलं स्टफिंग बाजारात आणलं. गरम पाणी घालून पाच मिनिटांत तयार. रूथ सीम्स या त्यांच्या गृहविज्ञान जाणणाऱ्या कर्मचारी बाईंनी ते घडवलं होतं आणि त्यातली गोम होती ब्रेडच्या कणांच्या आकारात: फार लहान असले तर चिखल होतो, फार मोठे असले तर पाणी आत शिरत नाही. पाच मिनिटांच्या पाकिटाला जे लागू पडलं ते आपल्या तासाभराच्या स्टफिंगलाही लागू आहे.

तोडलेले तुकडे दोन मोठ्या ट्रेमध्ये एका थरात पसरा. ओव्हन 250 अंश फॅरनहाइटवर (120 सेल्सिअस) ठेवा आणि तुकडे 50 ते 60 मिनिटं वाळवा. मधे दोनदा हलवा, ट्रे वरखाली बदला. रंग जवळजवळ बदलता कामा नये. आपल्याला टोस्ट करायचा नाही, वाळवायचा आहे. आच वाढवून काम लवकर उरकायला गेलात तर बाहेरून लाल आणि आतून ओला ब्रेड हाती येईल.

झालं की नाही हे कसं ओळखायचं? सगळ्यात मोठा तुकडा उचला, जरा गार होऊ द्या आणि दोन बोटांत दाबा. दबला, तर अजून ओला आहे. कुरकुर आवाज करत फुटला आणि आतला गरही चुरचुरीत निघाला, तर झाला. आजी ट्रे हलवून नुसता कान द्यायच्या. नीट वाळलेले तुकडे ट्रेमध्ये खडखडतात, ओले मुके राहतात. माझ्याकडे वजनकाटा आहे म्हणून मी वजनही करून बघते. 450 ग्रॅमचा ब्रेड वाळून 300 ते 320 ग्रॅमवर येतो. म्हणजे सव्वाशे ग्रॅमच्या वर पाणी उडालं आणि तेवढी जागा रस्स्याला मोकळी झाली.

हे काम मंगळवारी किंवा बुधवारी करून ठेवा. पूर्ण गार झाल्यावर कागदी पिशवीत किंवा डब्यात घाला. गरम असताना झाकलं तर वाफ धरून सगळी मेहनत पाण्यात जाईल.

ब्रॉथ

टर्कीच्या पोटात एक कागदी पुडी असते आणि तिच्याबरोबर मान. ही पुडी आतच विसरून टर्की भाजणारे दर वर्षी भेटतात, तेव्हा आधी ती शोधा. मान, हृदय आणि गिझर्ड (पक्ष्याच्या जठराचा जाड, मांसल भाग) पातेल्यात घ्या. कलेजी मात्र बाजूला ठेवा, तिने रस्सा कडवट आणि गढूळ होतो. त्यात एक कांदा सालासकट चार तुकडे करून, एक गाजर, सेलरीचे शेंडे, तमालपत्र आणि सात-आठ मिरीदाणे घाला. दीड लिटर थंड पाणी ओता आणि मंद आचेवर दीड ते दोन तास ठेवा. रटरट उकळू देऊ नका, अधूनमधून एखादा बुडबुडा वर आला पाहिजे इतकंच. वरचा फेस काढत राहा, शेवटी गाळून घ्या. मीठ घालू नका.

एवढा वेळ नसेल तर विकतचा ब्रॉथ आणा, पण कमी मिठाचा. नेहमीच्या खोक्यातला ब्रॉथ भाजताना आटतो आणि त्याचं मीठ पुढे येतं. ब्रेडमध्येही मीठ असतंच. खारट झालेलं स्टफिंग दुरुस्त होत नाही.

घरात शाकाहारी माणसं असतील, आणि मराठी घरांत ती असतातच, तर भाज्यांचा ब्रॉथ करा. मूठभर वाळलेले शिटाके मशरूम गरम पाण्यात अर्धा तास भिजवून त्याच पाण्यात कांदा, गाजर, सेलरी आणि तमालपत्र चाळीस मिनिटं शिजवलं की इतका दाट चवीचा रस्सा होतो की मांसाची उणीव जाणवत नाही. मी आता सगळं स्टफिंगच या रस्स्यात करते आणि एकच भांडं सगळ्यांपुढे ठेवते. टेबलावरचे दोनतीन पदार्थ तरी सगळ्यांनी मिळून खावेत असं मला मनापासून वाटतं. पाहुण्यांसाठी तयार पाकीट आणणार असाल तर त्याच्या मागची बाजू नीट वाचा. साध्या दिसणाऱ्या पुष्कळ मिश्रणांत चिकनचा ब्रॉथ किंवा चरबी असते.

कांदा, सेलरी, सेज

मोठ्या कढईत लोणी मध्यम आचेवर वितळवा. फेस बसला की बारीक चिरलेला कांदा आणि तितकीच बारीक सेलरी घाला, वर अर्धा चमचा मीठ. दहा-बारा मिनिटं परता. कांदा पारदर्शक झाला पाहिजे. भाजीसाठी परततो तसा लाल करू नका. गोडसर, मऊ कांदा हवा, आणि सेलरी दाताखाली किंचित लागली पाहिजे. ती कच्ची राहिली तर भाजल्यावरही कच्चीच राहते आणि तिची कडवट करकर सगळ्या स्टफिंगभर जाणवते.

लसूण घालणार असाल तर आता, एक मिनिटभर. मग आच बंद करायच्या आधी सेज आणि थाइम लोण्यात टाका. ही वेळ महत्त्वाची आहे. सेज तुळशीच्या कुळातला. पान जाड, राखी-हिरवं, मखमलीसारखं. कच्चं चुरगाळलं तर कापराची आठवण करून देणारा उग्र वास येतो. गरम लोण्यात पडलं की तो उग्रपणा अर्ध्या मिनिटात मावळतो आणि घरभर जो वास पसरतो तो थँक्सगिव्हिंगचा वास. हिंग-मोहरीची फोडणी पडल्यावर जसं शेजाऱ्यालाही कळतं तसं. तेल आणि तूप सुगंध धरून ठेवतात हे आपल्याला फोडणीमुळे माहीत आहेच. म्हणून पाला शेवटी वरून भुरभुरण्याऐवजी लोण्यात घालायचा.

वाळलेला सेज वापरलात तर हात आखडता ठेवा. जास्त झाला की औषधी काढ्यासारखी चव येते. न्यू इंग्लंडकडे बेल्स सीझनिंगची पिवळी-निळी खोकी वापरतात, वर टर्कीचं चित्र असतं. बॉस्टनच्या विल्यम बेल यांनी 1867 साली सुरू केलेला हा मसाला. त्यात सेजबरोबर रोझमेरी, ओरेगॅनो, सुंठ, मार्जोरम आणि मिरी असते. शेजारच्या आजी तोच घालायच्या, आणि ताजा पाला न मिळाल्यास मीही दीड छोटा चमचा तोच घालते.

आता एक प्रश्न मला हमखास विचारतात: हिरवी मिरची, आलं, गरम मसाला घालू का? माझं मत, निदान पहिल्या वर्षी नको. ताटात टर्की, ग्रेव्ही, क्रॅनबेरी, बटाटा असं सगळं असतं, आणि त्यात सेज-लोण्याची ही सौम्य चव मधे बसून सगळ्यांना जोडते. गरम मसाला पडला की सेज कुठे गेला ते कळतही नाही. मिरी सढळ हाताने घाला. तिखट हवंच असेल तर वेगळा ठेचा टेबलावर ठेवा. आमच्याकडे तो असतोच, आणि टर्कीबरोबर फार सुंदर लागतो.

हे परतलेलं मिश्रण बुधवारी करून फ्रिजमध्ये ठेवता येतं. पण ब्रेड, रस्सा आणि अंडी एकत्र कालवून रात्रभर ठेवू नका. अमेरिकेचं कृषी खातं न भाजलेलं कालवलेलं स्टफिंग फ्रिजमध्ये ठेवू नका असंच सांगतं: कोरडं वेगळं, ओलं वेगळं, आणि एकत्र करायचं ते भाजायच्या जरा आधी.

कालवणं

गुरुवारी मोठ्यात मोठं भांडं काढा. ब्रेड घ्या, त्यावर परतलेलं मिश्रण (फ्रिजमधलं असेल तर जरा गरम करून, म्हणजे लोणी पातळ होतं) आणि पार्सली घाला. दोन्ही हातांनी खालून वर असं हलकं एकत्र करा. चुरमुऱ्यांच्या चिवड्याला जसा हात लावतो तसाच हात हवा, चुरडायचं नाही.

दीड कप कोमट ब्रॉथ गोल फिरवत सगळीकडे ओता. पुन्हा हलवा आणि दहा मिनिटं स्वस्थ बसा. ही दहा मिनिटं गाळू नका. रस्सा तुकड्याच्या गाभ्यापर्यंत पोचायला वेळ लागतो. घाई केली तर ब्रेड कोरडाच वाटतो, आपण आणखी ओततो, आणि मग पाणथळ होतं.

आता चव बघा, अंडी घालण्याआधीच. या टप्प्यावर स्टफिंग जरासं जास्त चवदार, मिठाला किंचित पुढे वाटलं पाहिजे, कारण अंडी आणि उरलेला रस्सा पडल्यावर ते सौम्य होणार आहे. लागेल तसं मीठ आणि मिरी घाला. मग एक कप ब्रॉथमध्ये दोन अंडी फेटा. ब्रॉथ गार किंवा कोमट असू द्या, गरम असेल तर अंडं फाटेल. हे मिश्रण ओतून हलक्या हाताने कालवा.

उरलेला अर्धा कप घालायचा की नाही हे ब्रेड सांगतो. मधला एक तुकडा उचलून तळहातावर ठेवा आणि अंगठ्याने दाबा. कोरडा, पांढरा गाभा दिसला तर अजून रस्सा हवा. दाबल्यावर कडेने एखादा थेंब सुटला आणि तुकडा आपला आकार धरून राहिला तर पुरे. मुठीत पिळल्यासारखं पाणी गळलं तर जास्त झालं. आजींनी ही परीक्षा दाखवली तेव्हा माझ्या तळहातावर तोच भिजलेला तुकडा ठेवला होता. आजही मला प्रमाणापेक्षा त्या स्पर्शाचाच भरवसा वाटतो. जास्त झालंच असेल तर मूठभर वाळलेले तुकडे हवेत. ते मी नेहमी आधीच बाजूला काढून ठेवते.

अंडं न खाणाऱ्यांसाठी अंडी गाळा आणि पाव ते अर्धा कप ब्रॉथ वाढवा. वडी सुटी होते, चमच्याने वाढावी लागते, पण चवीत काही कमी पडत नाही.

भाजणं

भांड्याला लोणी चोळा. स्टफिंग आत पसरा, दाबून बसवू नका. वर चार-पाच छोटे तुकडे लोण्याचे. फॉइलच्या आतल्या बाजूला लोणी लावून घट्ट झाका. 350 अंश फॅरनहाइटवर (175 सेल्सिअस) 30 मिनिटं झाकून, मग फॉइल काढून आणखी 25 ते 35 मिनिटं. पहिल्या अर्ध्या तासात आत वाफ कोंडून सगळं सारखं गरम होतं, दुसऱ्यात वरचा थर सोनेरी आणि कुरकुरीत होतो.

रंगावर विसंबू नका. स्वयंपाकाचा थर्मामीटर मधोमध खुपसा, 165 अंश फॅरनहाइट (74 सेल्सिअस) दाखवला पाहिजे. अंडं आहे, मांसाचा रस्सा आहे, त्यामुळे हा आकडा पाळायचाच. बाहेर काढून दहा मिनिटं मुरू द्या.

एकच ओव्हन असला तर वेळेचं गणित असं बसवा. बारा ते चौदा पौंडांची रिकामी टर्की 325 अंशांवर साधारण तीन ते पावणेचार तास घेते. जेवण चार वाजता असेल तर टर्की सव्वातीनच्या सुमारास बाहेर यावी. त्याच्या वीस मिनिटं आधी झाकलेलं स्टफिंग खालच्या कप्प्यात सरकवा, टर्की निघाली की आच 350 करा आणि थोड्या वेळाने फॉइल काढा. टर्कीला कापण्याआधी अर्धा-पाऊण तास विश्रांती द्यायचीच असते. तेवढ्यात स्टफिंग होतं, ग्रेव्हीही होते.

पोटात भरावं की नाही

मी भरत नाही, आणि तुम्हालाही वेगळ्या भांड्याचाच सल्ला देईन. टर्कीच्या पोटातल्या ब्रेडमध्ये कच्च्या मांसाचा रस मुरतो, त्यामुळे तिथेही मधोमध 165 अंश व्हावेच लागतात. पक्ष्याच्या अगदी आतला तो भाग सगळ्यात शेवटी तापतो, आणि तोवर छातीचं मांस कोरडं होऊन जातं. शिवाय आत कुरकुरीत थर तयार होत नाही, आणि मला तर तोच सगळ्यात प्रिय आहे.

तरीही घरातल्या वडीलधाऱ्यांना तीच चव हवी असते, हे मी समजू शकते. भरायचंच असेल तर स्टफिंग कालवल्या कालवल्या, ओव्हनमध्ये घालायच्या क्षणी भरा, आदल्या रात्री नाही. दर पौंडाला पाऊण कप, सैलसर. ठासून भरलं तर उष्णता आत पोचत नाही. ओव्हन 325 पेक्षा कमी ठेवू नका, आणि बारा ते चौदा पौंडांना साडेतीन ते चार तास धरा. मांडीच्या आणि छातीच्या जाड भागात तर थर्मामीटर लावाच, पण स्टफिंगच्या मधोमधही लावा. बाहेर काढल्यावर वीस मिनिटं थांबून सगळं सारण चमच्याने काढून घ्या, आत काही ठेवू नका.

पोटात न भरता तीच चव आणायची एक सोपी युक्ती आहे. टर्की भाजताना ट्रेमध्ये साचलेला रस चारपाच चमचे, वरची चरबी थोडी काढून, फॉइल काढल्यावर स्टफिंगवर शिंपडा. शाकाहारी वाटा वेगळा काढायला मात्र विसरू नका.

थोडे बदल

मूळ जमलं की मग वाटेल ते घाला. एक आंबट हिरवं सफरचंद बारीक चिरून कांद्याबरोबर परता, मूठभर वाळलेल्या क्रॅनबेरी आणि भाजलेले पेकान घाला. हे मुलांना फार आवडतं. सॉसेज घालणारे बरेच असतात. ते आधी पूर्ण शिजवून, चुरून मगच मिसळा. किनारपट्टीवर ऑयस्टर घालतात, कुठे भाजलेले चेस्टनट. दक्षिणेकडची तऱ्हा करायची तर मक्याचा ब्रेड साखर न घालता आदल्या दिवशी भाजा, चुरा करा आणि तोही वाळवा. तो लवकर विरघळतो म्हणून एक तृतीयांश पांढरा ब्रेड मिसळलेला बरा.

पुण्या-मुंबईत टर्की मिळवण्याच्या खटाटोपात न पडता नाताळला भाजलेल्या कोंबडीबरोबर हे स्टफिंग करता येईल. बेकरीतला साधा स्लाइस ब्रेड चालतो. लादी पाव फार हलका असतो, तो घेतलात तर वाळवायला जास्त वेळ द्या आणि रस्सा अर्धा कप कमी घाला. वाळलेला सेज मोठ्या दुकानांत बाटलीत मिळतो.

बिघडलं तर

फॉइल काढल्यावर खूप ओलं दिसलं तर घाबरू नका. मोठ्या उथळ ट्रेमध्ये पसरा आणि पंधरा-वीस मिनिटं उघडंच भाजा, बहुतेक वेळा सावरतं. कोरडं पडलं तर अर्धा कप गरम ब्रॉथ शिंपडून झाकून दहा मिनिटं ठेवा. सपक वाटलं तर मीठ घालण्याआधी ग्रेव्हीबरोबर चाखून बघा. ग्रेव्हीत मीठ असतं, बरेचदा तेवढं पुरतं.

दुसऱ्या दिवशी

जेवणं लांबतात, गप्पा रंगतात, आणि भांडं टेबलावर तसंच राहतं. दोन तासांच्या आत उथळ डब्यांत काढून फ्रिजमध्ये टाका. तीन ते चार दिवस चांगलं राहतं, परत गरम करताना पुन्हा 165 अंशांपर्यंत.

पण माझं आवडतं खाणं शुक्रवारी सकाळचं. बिडाचा तवा चांगला तापवा, चमचाभर लोणी सोडा. गार स्टफिंगचा लिंबाएवढा नाही, पेरूएवढा गोळा घ्या आणि थालीपीठ थापतो तसा तव्यावर थापा, अर्ध्या इंचापेक्षा पातळ नको. मध्यम आचेवर हात न लावता पाच मिनिटं ठेवा. लवकर उलटायला गेलात तर मोडेल. कडा तपकिरी झाल्या आणि उलथनं सहज खाली सरकलं की उलटा, दुसरी बाजू तीन-चार मिनिटं. आतून चटका लागेल इतका गरम झाला पाहिजे. वर एक अर्धकच्चं नाही, पूर्ण शिजलेलं अंडं, बाजूला उरलेली क्रॅनबेरी, आणि थोडा ठेचा.